झील धरणाऱ्याची जागा

भंडारा जिल्ह्याच्या तुमसर तालुक्यात, मध्य प्रदेशाच्या सीमेजवळ चिखला हे मॅंगनीजच्या खाणीचे गाव आहे. गोबरवाही, डोंगरी बुजुर्ग, चिखला आणि सीमेपलीकडचे तिरोडी हा सगळा पट्टा काळ्या, जड दगडाचा. या दगडाचा पहिला मोठा अभ्यास लुईस ली फरमॉर या भूशास्त्रज्ञाने केला आणि भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाने तो १९०९ साली प्रसिद्ध केला. मॅंगनीजयुक्त गार्नेट आणि गारगोटी यांनी बनलेल्या इथल्या खडकाला फरमॉरने गोंड लोकांवरून ‘गोंडाइट’ हे नाव दिले. पुढे १९५० च्या दशकात चिखल्यातल्या एका खनिजाला गावावरून ‘चिकलाइट’ म्हटले गेले. जमातीचे नाव खडकाला लागले, गावाचे खनिजाला लागले आणि ती दोन्ही नावे भूशास्त्राच्या कोशांत जाऊन बसली. तो खडक ज्यांनी फोडला, टोपलीत भरला आणि डोक्यावरून वाहिला त्यांची नावे मात्र कुठल्याच कोशात नाहीत. वंचित समाजांसोबत मिळून केलेल्या कलेचा विचार चिखल्यापासून सुरू करायचे कारण हेच. एखाद्या समाजाचे नाव वापरणे आणि त्या समाजाला शब्द मिळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कलेच्या बाबतीतही हा फरक तितकाच खरा आहे.

खाणीचा इतिहास थोडक्यात असा. १८९६ साली ‘सेंट्रल प्रॉव्हिन्सेस प्रॉस्पेक्टिंग सिंडिकेट’ स्थापन झाली. तिचीच पुढे ‘सेंट्रल प्रॉव्हिन्सेस मॅंगनीज ओअर कंपनी’ झाली. विसाव्या शतकाच्या आरंभी नागपूर, भंडारा आणि बालाघाट या जिल्ह्यांतले मॅंगनीज पोलाद कारखान्यांसाठी परदेशी जाऊ लागले. १९६२ मध्ये कंपनीच्या इथल्या खाणी नव्या ‘मॅंगनीज ओअर इंडिया’कडे आल्या. त्यात ५१ टक्के वाटा केंद्र आणि राज्य सरकारांचा होता, उरलेला ४९ टक्के जुन्या कंपनीचा. १९७७ मध्ये तोही सरकारकडे आला आणि आजची ‘मॉयल’ तेव्हा पूर्णपणे सरकारी झाली. या साऱ्या काळात श्रम करणारे हात होते आसपासच्या गावांतल्या गोंडांचे, दलितांचे, भूमिहीन शेतमजुरांचे आणि छत्तीसगढकडून आलेल्या मजुरांचे. हातोडीने दगड फोडणे आणि चांगला माल हाताने निवडणे या कामांत बायका मोठ्या संख्येने असत. १९३० नंतरच्या जागतिक मंदीत मॅंगनीजचा भाव कोसळला, तेव्हा खाणी थंडावल्या आणि ही माणसे पुन्हा शेतीच्या मजुरीकडे ढकलली गेली. सरकारी अहवालांत ही माणसे दिसतात ती मजुरांच्या सरासरी संख्येत. त्यांच्या शेजारचा रकाना टनांचा असतो.

अलीकडे अशा गावांत चित्रकार, नाटककार, छायाचित्रकार जातात. तिथल्या लोकांना सोबत घेऊन भित्तिचित्रे रंगवतात, पथनाट्ये बसवतात, आठवणी गोळा करतात. पाश्चात्त्य कलाविश्वात या पद्धतीला गेल्या तीसेक वर्षांत स्वतंत्र नाव, प्रदर्शने आणि समीक्षा मिळाली. आपल्याकडेही ती नवी म्हणून सांगितली जाते. माझे म्हणणे असे की पूर्व विदर्भाच्या झाडीपट्टीत आणि एकूण महाराष्ट्रात या कलेला मोठा इतिहास आहे, आणि त्या इतिहासातून तिची एक कसोटीही हाती येते. कलाकृतीचा संदेश किती पुरोगामी आहे यावर ही कला टिकत नाही. बोली कुणाची, मंच कुणाचा, खर्च आणि जोखीम कुणाची, आणि शेवटी नाव कुणाचे, या प्रश्नांच्या उत्तरांवर ती टिकते किंवा कोमेजते. जिथे ही उत्तरे समाजाच्या बाजूची होती, तिथे बाहेरून आलेला कलावंत निघून गेल्यावरही कला चालत राहिली. जिथे ती बाहेरच्याच्या बाजूची होती, तिथे कलाकृती संग्रहालयात पोचली आणि समाज होता तिथेच राहिला.

पहिला पुरावा झाडीपट्टीचाच. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या धानाच्या आणि तलावांच्या प्रदेशात दिवाळी झाली की गावोगावी मंडई भरते. लेकी माहेरी येतात, पाहुणे जमतात, दिवसा दंडारी नाचतात आणि रात्री खडी गंमत किंवा नाटक होते. दंडार करणारी माणसे गावातलीच शेतकरी आणि मजूर असत. साहित्य त्यांचेच, सराव धान कापणीच्या आधीच्या रिकाम्या संध्याकाळी. खडी गंमतीत शाहीर उभा राहून डफ आणि तुणतुण्याच्या साथीने गातो, नाच्या नाचतो, आणि मागे झीलकरी असतात. शाहिराने टाकलेली ओळ उचलून धरायची, सूर खाली पडू द्यायचा नाही, हे झीलकऱ्याचे काम. तेवढ्या वेळात शाहिराला पुढची ओळ सुचते. पोळ्याला बैलांच्या तोरणाखाली म्हटल्या जाणाऱ्या झडत्यांची रीतही अशीच. शेतगडी वर्षभर ज्याच्यापुढे मान खाली घालून उभा राहायचा, त्या मालगुजाराला, सावकाराला, पाटलाला त्या दिवशी तो यमकात टोमणा हाणू शकत असे. मध्य प्रांतातली मालगुजारी १९५० च्या कायद्याने गेली. भंडाऱ्यात आजही ‘मामा तलाव’ म्हणजे माजी मालगुजारी तलाव या नावात तिची खूण उरली आहे. ही मालगुजारी पूर्ण भरात असतानाच तिच्यावर उघड्यावर बोलण्याची एक जागा मजुरांनी स्वतः राखली होती. या कलेला बाहेरचा दिग्दर्शक नव्हता, अनुदान नव्हते. ती सामाजिक होती, कारण जे बोलायचे ते बोलणारेच ठरवत होते.

दुसरा पुरावा जलशांचा. सत्यशोधक समाज १८७३ मध्ये स्थापन झाला आणि त्यानंतर भीमराव महामुनी आदींनी सत्यशोधकी जलसे उभे केले. आंबेडकरी चळवळीत भीमराव कर्डक यांच्यासारख्यांनी जलसे गावागावांत नेले. जलशाची हुशारी अशी की त्याने तमाशाचा गण-गौळण-वगाचा साचा टाकला नाही, आतला ऐवज बदलला. ज्या जातींकडे ढोलकी आणि तुणतुणे पिढ्यान्पिढ्या होते, त्यांच्याच हाती ती वाद्ये राहिली. मात्र त्यांचा उपयोग आता दुसऱ्याच्या करमणुकीऐवजी स्वतःच्या हक्कासाठी होऊ लागला. विचार चळवळीतून आले, बोली आणि चाल लोकांची होती. म्हणूनच निरक्षर श्रोत्यालाही जलसा आपला वाटला. भंडारा जिल्ह्याला या चळवळीचा जवळून स्पर्श आहे. १९५४ च्या पोटनिवडणुकीत डॉ. बाबासाहेब आंबेडकर भंडाऱ्यातूनच लोकसभेसाठी उभे राहिले होते. ते हरले. पण अडीच वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धम्मदीक्षा झाली आणि त्यानंतर भीमगीते पूर्व विदर्भाच्या वस्त्यावस्त्यांत गायली जाऊ लागली. निवडणुकीतली हार त्या गाण्यांना अडवू शकली नाही, कारण ती कुठल्या पक्ष कार्यालयाची मालमत्ता नव्हती, गाणाऱ्यांची होती. मुंबईत १९४४ साली अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभे केले, तेव्हा तेही याच वाटेने गेले. अण्णा भाऊ स्वतः गिरणीत आणि रस्त्यावर मजुरी केलेले होते. कामगारांच्या चाळीसाठी लिहिताना त्यांना भाषा बदलावी लागली नाही.

चिखल्याच्या पूर्वेला, गोंदियापलीकडे छत्तीसगढ आहे. तिथला तिसरा पुरावा जास्त नेमका आहे, कारण त्यात चूक आणि दुरुस्ती दोन्ही दिसतात. हबीब तन्वीर लंडनला नाट्यशिक्षण घेऊन आलेले, नामवंत दिग्दर्शक. १९५० च्या दशकाच्या अखेरीपासून त्यांनी छत्तीसगढच्या ‘नाचा’ या लोकनाट्याच्या कलावंतांना आपल्या नाटकांत घेतले. सुरुवातीला त्यांनी या कलावंतांना हिंदी संवाद पाठ करायला लावले आणि मंचावरच्या हालचाली आखून दिल्या. स्वतःच्या गावात हजारो प्रेक्षकांना धरून ठेवणारे हे नट आखून दिलेल्या हालचालींत आणि परक्या भाषेत अवघडून गेले. हे ध्यानात यायला तन्वीर यांना बरीच वर्षे लागली, आणि ते त्यांनी मोकळेपणाने मान्य केले. १९७३ च्या रायपूरच्या कार्यशाळेनंतर त्यांनी नटांना छत्तीसगढीत बोलू दिले, त्यांच्या हजरजबाबीपणाला मोकळीक दिली, आणि १९७५ मध्ये ‘चरणदास चोर’ उभे राहिले. तन्वीर यांची बुद्धी, रचना आणि दृष्टी त्यात होतीच. पण ती दृष्टी फळाला आली ती बोलीचा निर्णय नटांकडे गेल्यावर. त्याच छत्तीसगढमध्ये दल्ली राजहराच्या लोहखाणीतल्या कंत्राटी मजुरांनी १९७७ मध्ये कामगार नेते शंकर गुहा नियोगी यांच्यासोबत संघटना उभी केली, आणि ‘नवा अंजोर’ नावाचे सांस्कृतिक पथकही. खाणीत काम करणारी माणसे स्वतःच गीते रचत आणि गात होती. खाणमजूर स्वतः कला करू शकतो का, ही शंका त्यांनी तिथे उरू दिली नाही.

आता उलटा पुरावा पाहू. ठाणे जिल्ह्यातल्या, आताच्या पालघर जिल्ह्यातल्या वारली घरांत लग्नाचा चौक लिहिण्याचे काम बायकांचे होते. तांदळाच्या पिठाने गेरूच्या भिंतीवर सवासिणी देवीचा चौक लिहीत आणि धवलेरी लग्न लावी. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रकार भास्कर कुलकर्णी तिथे पोचले, कागद आणि रंग घेऊन. त्यांना वारल्यांच्या कलेबद्दल खरे प्रेम होते, आणि त्यांच्यामुळेच जिव्या सोमा मशे यांचे विलक्षण सामर्थ्य जगाला दिसले. मशे यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. कुणाच्या हेतूवर इथे शंका नाही. पण माध्यम भिंतीवरून कागदावर गेले आणि बाजार दूरच्या शहरात उभा राहिला, तेव्हा निर्णयाची जागाही हलली. ज्या बायकांकडे चौक लिहिण्याचा हक्क होता, त्यांच्याऐवजी कागदावरची नावे बहुतेक पुरुषांची झाली. पुढे वारली आकृत्या चहाच्या कपांवर आणि साड्यांवर कुणीही छापू लागला. २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, पण तोवर ती आकृती गावाच्या हातून बरीच सुटली होती. मध्य प्रदेशातल्या पाटनगढच्या जनगढ सिंह श्याम या परधान तरुणाला १९८० च्या दशकाच्या आरंभी भोपाळच्या भारत भवनात चित्रकार जगदीश स्वामीनाथन यांच्यामुळे स्थान मिळाले आणि एक नवी चित्रशैली जन्माला आली. २००१ मध्ये जपानच्या एका संग्रहालयात निवासी कलावंत म्हणून काम करत असताना त्यांनी आत्महत्या केली. एका माणसाच्या मृत्यूची कारणे बाहेरून ठरवू नयेत. तरी एवढे म्हणता येते की परधान हे गोंडांचे कथेकरी, बाना वाजवत घरोघर जाणारे. ऐकणाऱ्यांचे ते वर्तुळ मागे सोडून एकट्याने परक्या देशात चित्रे काढत राहणे ही फार वेगळी अवस्था आहे, आणि ती त्या समाजाने ठरवलेली नव्हती.

या युक्तिवादावर पहिला आक्षेप असा की लोककला काही निर्मळ नव्हती. हे पूर्ण खरे आहे. दंडारीत आणि खडी गंमतीत बाईचे पात्र पुरुष करायचा. बाई मंचावर येऊ शकत नव्हती. गावात कुणी कुठे बसायचे हे जात ठरवायची, आणि तमाशा-लावणीत कलावंतिणींचे शोषण होत होते. मग मंच समाजाचा असणे पुरेसे कसे? उत्तर असे की समाज म्हणजे एकच आवाज नव्हे, आणि मंच कुणाचा हा प्रश्न गावाच्या आतही विचारावा लागतो. जलशांनी तो जातीच्या बाजूने विचारला. बाईच्या बाजूने तो १९८३ मध्ये स्त्रीमुक्ती संघटनेच्या ‘मुलगी झाली हो’ने विचारला. ज्योती म्हापसेकरांनी लिहिलेल्या त्या नाटकात रंगभूमीचा अनुभव नसलेल्या, नोकरी आणि घर सांभाळणाऱ्या बायका उभ्या राहिल्या, ओव्या आणि लोकगीतांच्या चालींवर बोलल्या, आणि ते नाटक महाराष्ट्रभर फिरले. या दोन्ही वेळी जुना साचा आतून उघडला, आणि तो उघडला त्यांनी ज्यांना आधी बाहेर ठेवले होते. म्हणून लोककलेतला अन्याय हा कसोटी सोडून देण्याचे कारण ठरत नाही. ती कसोटी आणखी आतवर, पार चुलीपर्यंत न्यावी लागते एवढाच त्याचा अर्थ.

दुसरा आक्षेप समीक्षकांचा आहे. क्लेअर बिशप या ब्रिटिश समीक्षिकेने २००६ पासून ठामपणे मांडले आहे की सहभाग चांगला होता म्हणून कलाकृती चांगली ठरत नाही, आणि नैतिकतेच्या आड कलेचे मूल्यमापनच टाळले जाते. हा इशारा मोलाचा आहे. पण तन्वीरांचे उदाहरण दाखवते की इथे नीती आणि गुणवत्ता एकाच प्रश्नाला भिडतात. नटांना त्यांची बोली मिळाली तेव्हा न्याय झाला आणि नाटकही श्रेष्ठ झाले, एकाच कारणाने. उलट ज्याला स्वतःच्या तोंडची नसलेली भाषा बोलायला लावतात, त्याचे सादरीकरण बेगडी होणारच. जोखमीची गोष्टही तशीच आहे. ब्राझीलचे नाटककार ऑगस्तो बोआल यांनी सांगितलेला एक प्रसंग प्रसिद्ध आहे. शेतकऱ्यांना जमिनीसाठी रक्त सांडण्याचे आवाहन करणारे नाटक त्यांच्या मंडळीने केले, तेव्हा एका शेतकऱ्याने त्यांना बंदुका घेऊन आपल्यासोबत चलायला सांगितले. बंदुका नाटकातल्या होत्या. जी जोखीम आपण घेणार नाही ती दुसऱ्याने घ्यावी असे सांगण्याचा हक्क आपल्याला नाही, हे बोआल त्या दिवशी शिकले, आणि प्रेक्षकालाच कर्ता करणारी त्यांची रंगभूमी पुढे घडली.

तिसरा आक्षेप झाडीपट्टीचाच दाखला देतो. मंच आणि पैसा लोकांकडे असेल तर कला धंदेवाईक होते, असे म्हटले जाते. वडसा म्हणजे देसाईगंज हे आज झाडीपट्टी रंगभूमीचे केंद्र आहे. दिवाळीपासून होळीपर्यंत हंगाम चालतो. बैलांच्या शर्यतींचा शंकरपट असेल, मंडई असेल, गावचे मंडळ नाटक ठरवते, तिकिटे विकते, आणि रात्री दहाच्या पुढे सुरू झालेले नाटक पहाटेपर्यंत चालते. त्यात उथळ विनोद आहे, नाचगाणी आहेत, बटबटीत खलनायक आहेत. पण याच मंचावर हुंडा, दारू, अंधश्रद्धा आणि शेतकऱ्याची कर्जबाजारी दशा वर्षानुवर्षे मांडली गेली, तीही कुणी प्रबोधनाचे अनुदान दिल्याशिवाय. गडचिरोलीचे परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली ती याच रंगभूमीवरच्या कामासाठी. डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी झाडीबोलीचा आणि इथल्या लोककलांचा अभ्यास आयुष्यभर केला, तेव्हा कुठे प्रमाण मराठीच्या समीक्षेला या मंचाची दखल घ्यावी लागली. तिकीट काढणारा प्रेक्षक चुका करतो, हे मान्य. पण तो नापसंतीही दाखवू शकतो. अनुदानावर चालणाऱ्या प्रयोगाला समोरचा गावकरी नको म्हणू शकत नाही, कारण त्याने पैसे दिलेलेच नसतात.

हा सगळा इतिहास चिखल्याला लागू करायचा तर काय करावे लागेल? २०१३ च्या कंपनी कायद्याने मोठ्या कंपन्यांना नफ्याचा दोन टक्के भाग सामाजिक कामावर खर्च करणे बंधनकारक केले आहे. खाणीच्या गावांत त्यातून शाळा, दवाखाने, पाणी येते, आणि ते यायलाच हवे. कलेसाठी असा पैसा आला तर त्याचा स्वीकार करताना गावाने काही गोष्टी आधी ठरवाव्यात. मंडई हा तिथला स्वतःचा मंच आहे, म्हणून सुरुवात मंडईपासून व्हावी, उद्घाटनाच्या मांडवापासून नको. बोली झाडीची असावी, गोंडी बोलणाऱ्यांची गोंडी असावी, छत्तीसगढी घरांची छत्तीसगढी असावी. ज्या बायकांनी आयुष्यभर दगड निवडले, त्यांनी काय सांगायचे आणि काय सांगायचे नाही हे त्यांनीच ठरवावे. आपल्या दुःखाचे चित्र काढू न देण्याचा हक्कही त्यांचाच. जे चित्र किंवा नाटक तयार होईल त्यावर करणाऱ्यांची नावे त्यांच्या संमतीने यावीत आणि प्रती गावात राहाव्यात. यातली एकही गोष्ट अव्यवहार्य नाही. दंडारीच्या फडात आणि जलशाच्या बैठकीत त्या वेगवेगळ्या रूपांत होत आल्या आहेत.

बाहेरून येणाऱ्या कलावंताची गरज यामुळे संपत नाही. महामुनी, तन्वीर, नियोगी, म्हापसेकर यांच्याशिवाय वर सांगितलेले बरेच काही घडलेच नसते. त्यांनी विचार आणले, संघटना आणली, दूरच्या श्रोत्यापर्यंत जाण्याची वाट आणली. प्रश्न फक्त त्यांनी उभे कुठे राहायचे याचा आहे, आणि खडी गंमतीच्या मांडणीत त्याचे उत्तर आधीपासून आहे. झीलकरी नसेल तर शाहिराचा दम तुटतो. तो कमी दर्जाचा गायक नसतो, कित्येकदा त्याचा गळा शाहिराहून चांगला असतो. पण पुढची ओळ तो टाकत नाही. शाहिराने टाकलेली ओळ तो वर उचलतो आणि सूर भरून ठेवतो, म्हणजे शाहिराला विचार करायला उसंत मिळते. चिखल्यात जाणाऱ्या चित्रकाराने, नाटककाराने, लेखकाने ही जागा घ्यावी. फरमॉरने आपल्या खडकाला गोंडांचे नाव दिले, ते बहुधा आदरानेच. पण त्यासाठी त्याला एकाही गोंडाला विचारावे लागले नाही. पुढच्या शतकाची कला त्या खडकासारखी घडायची नसेल, तर ओळ कोण टाकणार हे आधी त्या गावाला विचारावे लागेल, आणि उत्तर येईपर्यंत झील धरून थांबावे लागेल.